चिखलोबाचं पांघरूण

मीठपाडा, डोंबिवली पश्चिम
१२ फेब्रुवारी २०२५

डॉ. संचिता केळुसकर यांस परशुराम धाकू केणे याचा नमस्कार.

तुम्ही मला ओळखत नाही. गेल्या शनिवारी कल्पिताच्या कॉलेजात तुमचं व्याख्यान झालं, तेव्हा पहिल्या रांगेत एक म्हातारा मान पुढे काढून बसला होता, तो मी. कल्पिता माझी नात. मला ऐकू जवळजवळ येत नाही, त्यामुळे तुम्ही काय बोललात ते ठाऊक नाही, पण पडद्यावरची चित्रं मी डोळे फाडून पाहिली. फोनवर मला कुणाचंच काही कळत नाही, म्हणून हे पत्र. सातवी पास आहे. मिठागरावर तीस वर्षं मुकादमी केली ती या अक्षराच्या जोरावर.

तुम्ही समुद्राच्या तळाशी बुडालेल्या एका गलबताचा खांब दाखवलात. त्याच्या कडेनं दोन-दोन भोकांची रांग होती आणि भोकांतून काथ्या ओवलेला होता. ते चित्र आलं आणि मी खुर्चीवरून उठलोच. कल्पितानं सदरा ओढून मला खाली बसवलं. बाई, अगदी तसाच खांब हा आमचा देव आहे.

पाड्याच्या खाली, तिवरांच्या झाडीपलीकडे, खाडीच्या चिखलात तो उभा आहे. नाव चिखलोबा. हात-दीड हात वर दिसतो, खाली किती आहे ते कुणी पाहिलेलं नाही. भरतीला बुडतो, ओहोटीला डोकं काढतो. दरवर्षी कार्तिकी अमावास्येला, मिठागरं सुरू करायच्या आधी, केण्यांच्या घरातला एक पुरुष एकटा चिखलात उतरतो, देवाला तेल-शेंदूर लावतो आणि वरून खाडीचा ओला चिखल थापतो. याला आम्ही पांघरूण घालणं म्हणतो. गाव मिठागराच्या बांधावर उभं राहून विचारतं, "थंड हाय का?" उतरलेल्यानं तिवरांमागून ओरडायचं, "थंड हाय!" मग नारळ फुटतो. मिठागरं कधीच बंद पडली, पांघरूण चालू आहे. एकोणपन्नास वर्षं ते मीच घालतोय.

आता मी अठ्ठ्याहत्तरचा झालो. चिखलात पाय घातला की बाहेर काढायला दोन माणसं लागतात. मुलगा मयूर म्हणतो, मला चिखलाची ॲलर्जी आहे. पोटापुरत्या जमिनी आहेत, त्यामुळे ॲलर्जी परवडते. म्हणून गावानं ठरवलं की देवाला वर आणायचं. रस्त्याला लागून संगमरवरी देऊळ बांधून तयार आहे. मंडळाचा अध्यक्ष कमलेश हुशार पोरगा. त्यानं डिसेंबरात देवाभोवती मातीचा बांध घालून भरतीचं पाणी बंद केलं, म्हणजे खोदायला सोपं जाईल. आणि काय सांगू, जानेवारी संपता संपता देवानं शेंदराचं कवच सोडलं! नारळाच्या करवंटीसारखं अख्खं उतरलं. देव कवच सोडतो म्हणजे त्याला उठायचं असतं, असं सगळ्यांनी मानलं. मीही मानलं. तीस एप्रिलला, अक्षय्य तृतीयेला, क्रेन येणार आहे.

देवळाची पाटीही कोरून झाली आहे. "श्री चिखलोबा, प्राचीन, सुमारे ... वर्षे" असं लिहून मध्ये जागा सोडली आहे. तुम्ही एकदा येऊन तेवढा आकडा सांगा. आमची सखू, म्हणजे माझी बायको, जेवायला घालेल.

आपला,
परशुराम धाकू केणे


वर्तकनगर, ठाणे
१९ फेब्रुवारी २०२५

माननीय केणेकाका, सप्रेम नमस्कार.

तुमचं पत्र मी तीनदा वाचलं, मग आईला वाचून दाखवलं, मग आईनं मला. तुम्ही व्याख्यान ऐकलंच नाहीत आणि तरी हॉलमधल्या दोनशे माणसांत नेमकी गोष्ट तुम्हीच पाहिलीत. भोकांच्या जोड्या! माझे विद्यार्थी ती दुसऱ्या वर्षापर्यंत बघत नाहीत.

माझं काम थोडक्यात सांगते. बुडालेली जहाजं शोधायची, ती कुठल्या लाकडाची, कशी बांधली, कुठून आली, कशी बुडाली हे तळाशी जाऊन वाचायचं. सोनंनाणं मला अजून एकदाही सापडलेलं नाही, हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचा प्रश्न नेहमी तोच असतो.

सत्तावीस तारखेला अमावास्या आहे, म्हणजे ओहोटी मोठी. किती वाजता उतरता येईल ते तुम्हीच कळवा, तुमच्यापुढे माझं भरतीचं कोष्टक काय चालणार! तोवर दोन विनंत्या. देवाला कुणी घासू-पुसू नका. आणि ते गळलेलं कवच जिवापाड जपा. पाणी लावू नका, रंग लावू नका, कोरड्या फडक्यात बांधून ठेवा.

मी जुने कपडे घालून येते.

तुमची,
संचिता केळुसकर


वर्तकनगर, ठाणे
३ मार्च २०२५

नाना,

तुमच्या घरी सगळे तुम्हाला नाना म्हणतात, मीही म्हणते. त्या दिवशी मी गप्प गप्प होते, सखूआजींना वाटलं मला कोळंबीचं कालवण तिखट लागलं. तिखट नव्हतं हो. बोलताच येत नव्हतं.

कमलेशच्या बांधाच्या बाहेर, प्लायवूडच्या फळीवर पालथी पडून मी खांद्यापर्यंत हात चिखलात घातला, तेव्हा तुम्ही बांधावरून बघत होतात. खाडीत दिसत काहीच नाही, बोटांनीच बघायचं असतं. आधी एक फळी लागली. तिच्या कडेनं बोट सरकवलं तर भोक, शेजारी दुसरं भोक, वीतभर पुढे पुन्हा दोन. आणि त्यांतून गेलेला काथ्या. नाना, तो अजून ओला होता, अजून पिळदार होता. कुणाच्या तरी हातांनी वळलेला तो पीळ माझ्या बोटाखाली जसाच्या तसा होता. मी किती वेळ तशीच पडून राहिले मला आठवत नाही. कल्पिता म्हणते, मी रडत होते. असेन.

एकही खिळा नाही. हे जहाज ठोकलेलं नाही, शिवलेलं आहे, गोधडीसारखं. मग आपण कळकाच्या काठीनं टोचत टोचत गेलो ते आठवतंय? बावीस पावलांवर काठी लागायची थांबली. तुमच्या अंगणापासून रस्त्यापर्यंतचं अंतर झालं. तेवढं अख्खं जहाज तुमच्या तिवरांखाली झोपलंय आणि तुमचा चिखलोबा त्याच्या नाळेचा, म्हणजे पुढच्या टोकाचा, खांब आहे.

जेवताना मी लोणच्याच्या बरणीवरचा दगड उचलून बघत बसले, त्यावर सखूआजी हसल्या. आपल्याकडचा दगड काळा. तो गुलाबी आहे, ठिपक्यांचा. आजी म्हणाल्या, देवाजवळ सापडतात, सगळ्या घरांत आहेत. जहाज हलकं असलं की कलंडतं, म्हणून निघताना त्याच्या पोटात दगड भरतात, जिथून निघालं तिथले. कुठल्या तरी दूरच्या बंदराचा किनारा आज मीठपाड्यात घरोघरी लोणच्यावर बसलाय.

आणि तेल-शेंदूर! लाकडाला कीड लागू नये म्हणून जहाजांना तेलात कालवून लावायचा जुना लाल रंग तोच. ओला चिखल हवा आत जाऊ देत नाही, म्हणून लाकूड कुजत नाही. मी विद्यापीठात पाच वर्षं घालवून जे शिकले ते तुमच्या घरात कार्तिकी अमावास्येला करतात. ज्यानं पहिल्यांदा पांघरूण घातलं त्याला जहाज कळत होतं. तो बुडालेल्यांपैकीच एक होता की काय, हे मला सिद्ध करता येणार नाही, पण त्या दिवसापासून डोक्यातून जात नाही.

आता जे तोंडावर सांगायचं धाडस झालं नाही ते. देवाला वर काढू नका. शेकडो वर्षं भिजलेल्या लाकडाच्या आत पाणीच त्याला धरून ठेवतं. ते सुकलं की लाकूड आतून बसतं, तडकतं, आणि मग त्याचा भुगा होतो. देवळात तुमचा देव दोन वर्षंसुद्धा टिकणार नाही. कवच गळलं ते त्याला उठायचं होतं म्हणून नाही, बांधानं भरती अडवली आणि तो सुकायला लागला म्हणून. बांध फोडा, नाना. सरकारी खात्याला मी कळवलं आहे, पण कागद पुढे सरकेपर्यंत तीस एप्रिल येऊन जाईल. तुमचा शब्द गावात चालतो.

आकडा मला अजून सांगता येत नाही. देवाला सुरी लावायची नाही हे तुमचं म्हणणं मला मान्य आहे. पण कवच पाहायला मिळालं तर बरंच कळेल. मी दोनदा विचारलं, तुम्हाला ऐकू आलं नसावं.

तुमची,
संचिता


मीठपाडा
१० मार्च २०२५

संचिताबाई,

ऐकू आलं होतं. आमचे कान सोयीचे आहेत.

कवच आम्ही एक फेब्रुवारीलाच, वाजतगाजत, खाडीत सोडलं. देवाचं गळलेलं कवच घरात ठेवत नाहीत, पाण्यात सोडतात. मी तुम्हाला पहिलं पत्र लिहिलं तेव्हा त्याला अकरा दिवस झाले होते. तुम्ही जिवापाड जपा म्हणून लिहिलंत आणि मला सांगायची लाज वाटली.

तुमचं पत्र कल्पितानं मंडळात वाचलं. कमलेश म्हणाला, बाई शिकलेल्या आहेत पण आपल्या देवाला होडी म्हणतात. मलाही झोंबलं. खरं सांगतो, दोन दिवस जेवण गेलं नाही. म्हणजे माझा बाप, त्याचा बाप, आम्ही सगळे एका फुटक्या होडीच्या पाया पडत आलो? सखूला म्हटलं तर ती भाकरी थापता थापता म्हणाली, "होरी असली म्हणून काय जाला? बुरून बी उबी हाय ना अजून?" तिच्याशी वाद घालता येत नाही, मला अर्धं ऐकू येत नाही आणि उरलेलं पटतं.

पण देव वर येणार. तारीख बदलणार नाही. तुम्ही म्हणता तो भुगा होईल. होईल तर होईल, दोन वर्षं तरी संगमरवरात, छपराखाली, दोन वेळच्या आरतीत बसेल. त्याला कुणाची वाट पाहत चिखलात उभं राहावं लागणार नाही. मला त्याचं देणं आहे, ते मी डोळे मिटायच्या आत फेडणार. काय देणं, ते विचारू नका.

सोबत कल्पिताच्या हाती एक पुडी देतो. कवच सोडायला निघालो तेव्हा सखूनं त्यातला तळहाताएवढा तुकडा मोडून तांदळाच्या डब्यात लपवला होता. तुमचं पत्र ऐकून काल तिनं तो काढून दिला. मला न विचारता लपवला म्हणून मी रागावलो, तर म्हणाली, विचारलं असतं तर दिला असतात का?

परशुराम केणे


ओखा, गुजरात
२३ मार्च २०२५

नाना,

पुडी मला इकडे निघायच्या आदल्या दिवशी मिळाली. आजींना माझा साष्टांग नमस्कार सांगा. इथे आम्ही बोटीवर आहोत, दिवसातून दोनदा पाण्यात उतरते. तुकडा ठाण्याला, आईच्या कपाटात, तिच्या पैठणीशेजारी आहे. फ्रिजमध्ये कोथिंबिरीच्या बाजूला एका बुडालेल्या जहाजाचं लाकूड आइस्क्रीमच्या डब्यात बुडवून ठेवलेलं आहेच. आईची आता कशालाच हरकत नसते.

तुम्हाला राग आला, तो बरोबर आहे. तुमचा देव देव आहे की नाही हे ठरवणारी मी कोण? मला फक्त लाकूड कळतं. आणि लाकडाबद्दल एक गोष्ट मी आजवर कुणाला सांगितलेली नाही, ती तुम्हाला सांगते.

माझं पहिलं जहाज. मी पंचवीसची होते. खालून त्याच्या लाकडी सांगाड्याची एक फासळी वर आणली, डेकवर ठेवली आणि फोटो काढत बसले. ओलं गोणपाट टाकायचं राहून गेलं. फक्त एक दुपार. जेवून येते तो टाळी वाजवल्यासारखा आवाज झाला. फासळी या टोकापासून त्या टोकापर्यंत फाटली होती. तीनशे वर्षं समुद्रानं सांभाळलेली वस्तू मी एका दुपारी मोडली. अहवालात मी लिहिलं, "वर आणताना तडा गेला." खोटं लिहिलं. तो आवाज मला अजून ऐकू येतो. म्हणून मी इतकी मागे लागते आहे, दुसरं काही कारण नाही.

त्या तुकड्याची एक कड घासून मला भिंगाखाली बघायची आहे. दरवर्षी शेंदूर, वर चिखल, पुन्हा शेंदूर, पुन्हा चिखल. शेंदराची लाल रेघ आणि चिखलाची राखाडी रेघ अशी जोडी म्हणजे एक वर्ष. झाडाच्या खोडाची वर्षं मोजतात तशी मोजता येतील. पण देवाची वस्तू आहे, तुम्ही हो म्हटल्याशिवाय हात लावणार नाही.

संचिता


मीठपाडा
३१ मार्च २०२५

चि. संचिता, अनेक आशीर्वाद.

घास. पण त्याआधी माझं ऐकून घे, कारण तुझं भिंग जे सांगेल ते मी आधी सांगितलेलं बरं. तू तुझं खोटं मला लिहिलंस म्हणून मलाही लिहिता येतंय.

वरून मोजत गेलीस की विसावं वर्ष तुला कोरं सापडेल. ते दोन हजार पाच साल. त्या जुलैत मोठा पूर आला होता. माझा थोरला साईनाथ, वय चोवीस, होडी घेऊन खालच्या आळीतल्या माणसांना काढत होता. तीन खेपा केल्या. चौथ्या खेपेची होडी रिकामी सापडली. साईनाथ सापडला नाही. आजवर नाही. आम्ही दर्भाची बाहुली करून जाळली.

चार महिन्यांनी कार्तिकी अमावास्या आली. मी शेंदूर, तेल घेऊन एकटा चिखलात उतरलो. तिवरांमागे देवासमोर उभा राहिलो आणि त्याला म्हणालो, खाडी तुझी, तू तिच्यात उभा आणि माझा पोरगा तुला दिसला नाही? त्याला हात लावला नाही. चिखलाचा गोळासुद्धा टाकला नाही. बांधावरून गावानं विचारलं, "थंड हाय का?" तेव्हा मला ऐकू यायचं. मी ओरडलो, "थंड हाय!" नारळ फुटला. सगळे घरी गेले.

शेंदूर मी खाडीत फेकून दिला. पुढच्या वर्षी उतरलो तेव्हा त्याच्याकडे पाहायची हिंमत नव्हती, डोळे मिटून लेप दिला. आजवर कुणाला सांगितलेलं नाही, सखूलाही नाही. सगळ्या पिढ्यांनी त्याला एक दिवस उघडा ठेवला नाही आणि मी वर्षभर ठेवला, वर गावाशी खोटं बोललो. म्हणून देऊळ. म्हणून छप्पर. त्याला पुन्हा कुणा माणसाच्या रागालोभावर सोडायचं नाही.

आता मोज. आणि तो आकडा मला कळव, पाटीवरचा नाही, हा.

परशुराम


वर्तकनगर, ठाणे
१६ एप्रिल २०२५

नाना,

काल दिवसभर मोजलं. आज पुन्हा पहिल्यापासून मोजलं, मग सहकारी अंतराला काही न सांगता मोजायला लावलं. तीनही वेळा आकडा एकच आला.

दोनशे अकरा. त्याच्या आत तुकडा तुटलेला आहे, म्हणजे खरी वर्षं त्याहून जास्तच, किती ते खाडीला माहीत. दोनशे अकरा वेळा कुणीतरी त्या चिखलात उतरलं. काही थर जाड आहेत, सुकाळाचे असतील. काही इतके पातळ की त्या साली घरात तेल नसावं, बोटभर शेंदूर तेवढा फिरवलाय. एका थरात भाताचं तूस अडकलंय. भिंगातून ते सगळं दिसत होतं. मी किती तरी बुडालेली जहाजं पाहिली. बुडाल्यावर ज्याची इतकी काळजी घेतली गेली असं एकही पाहिलं नाही.

आता तुम्ही विचारलेलं. विसावा थर मी वेगळा काढून, आडवा-उभा, दहा वेळा पाहिला.

तो कोरा नाही, नाना.

लाल रेघ आहे आणि तिच्यावर चिखलाची रेघही आहे. शेजारच्या थरांपेक्षा जाडच आहे. एकोणीस, वीस, एकवीस, सगळे जागच्या जागी आहेत. मी आधी समजले की तुमचं साल चुकत असेल. पण ज्या साली मुलगा गेला ते साल बापाचं कसं चुकेल? त्या पुराच्या गाळाची भुरकी रेघही त्याच्या लगेच खाली आहे. साल तेच. त्या साली देवाला पांघरूण मिळालेलं आहे. कुणी घातलं ते मला सांगता येणार नाही, तेवढं भिंगाला दिसत नाही.

एक बारीक गोष्ट तेवढी नोंदवते. त्या चिखलाच्या रेघेत काचेचा एक कण अडकला आहे, तांदळाच्या दाण्याएवढा, हिरवा. खाडीतून काय काय वाहत येतं, तसाच आला असेल. त्यावरून काही ठरवू नका.

तीस तारीख जवळ आली. मी आता आग्रह करणार नाही. देवानं तुमच्याकडून काही येणं ठेवलेलं नाही, एवढंच मला मोजता आलं.

संचिता


मीठपाडा
१ मे २०२५

चि. संचिता, अनेक आशीर्वाद.

खाडीतून वाहत आला म्हणे! तू पाण्याखाली जाऊन दगडाचं गाव सांगतेस आणि हिरवी काच पाहून तुला एवढं कळलं नाही? आमच्या बायका हातभर हिरवा चुडा भरतात. लग्न केलं नाहीस, म्हणून असं होतं.

तुझं पत्र मी ओटीवर बसून वाचलं. सखू समोर मासळी साफ करत होती. मी तिच्या हातांकडे बघत बसलो. मग तिच्याजवळ सरकून बसलो आणि विचारलं, साईनाथ गेला त्या साली तू चिखलात उतरलीस? तिनं हातातली मासळी खाली ठेवली. मग माझ्या चांगल्या कानाशी येऊन म्हणाली, "तुमच्या नखान शेंदूर नव्हता त्या दिवशी."

एवढ्यावरून तिनं ओळखलं. दुसऱ्या दिवशी सकाळच्या ओहोटीला, निवट्या, चिखलातले मासे, पकडायला जाते सांगून ती एकटी गेली. देव्हाऱ्यातला शेंदूर आणि दिव्यातलं तेल नेलं. चिखलात पडली, बांगड्या फुटल्या. मला म्हणाली होती, विहिरीवर पडले. आता आठवतं, मी तिला धांदरट म्हणालो होतो. पुढच्या वर्षी माझ्या नखात शेंदूर दिसला, मग ती गेली नाही. बाईनं देवाला हात लावायचा नसतो, म्हणून वीस वर्षं तीही गप्प आणि मीही गप्प. एका चुलीवर जेवत होतो आम्ही.

मी म्हटलं, तुझा पोरगा त्या खाडीनं नेला, तुला देवाचा राग नाही आला? त्यावर ती जे बोलली ते जसंच्या तसं लिहितो.

"मना राग नाय आला? लय आला. पन माजा पोरगा बी त्याच खारीन हाय. त्याला पांघरूण घालाला मना मिलाला नाय. मंग देवाला घातला."

 आम्ही दोघं रडलो. साईनाथसाठी एकत्र असे आम्ही वीस वर्षांत पहिल्यांदा रडलो. मासळी मांजरानं नेली.

दुसऱ्या दिवशी मी मंडळात उभा राहिलो आणि सगळं सांगितलं, माझं खोटं आणि तिचं पांघरूण. म्हटलं, देव मी उघडा टाकला होता तरी उघडा राहिला नाही, त्याची व्यवस्था त्याला आपापली करता येते, छप्पर माझ्या भीतीसाठी बांधलंय.  कमलेश म्हणाला, "नाना, पन क्रेनवाल्याला अ‍ॅडव्हान्स दिलाय." तेव्हा कल्पिता म्हणाली, मग क्रेननं बांध उचलू.

काल तेच केलं. सकाळच्या ओहोटीला देवाभोवतीचा बांध निघाला. देव भेगाळला होता, डोक्याजवळ बोट जाईल अशी एक चीर पडली आहे. तू येऊन बघ, काय करायचं ते सांग. भरती चढायच्या आधी पांघरूण घालायचं होतं. मी सखूच्या हातात शेंदराची वाटी दिली. ती सगळ्यांदेखत चिखलात उतरली, शेजारी कल्पिता. मिठागराच्या बांधावर साठ-सत्तर माणसं होती, एकानंही हूं की चूं केलं नाही. गावानं विचारलं. तिनं काय उत्तर दिलं ते मला ऐकू आलं नाही, पण सगळ्यांनी एकदम हात जोडले, त्यावरून कळलं. मग पाणी आलं, ते मी तिवरांच्या फटीतून पाहिलं. आधी तिवरांच्या मुळांत, मग देवाच्या पायाशी, मग गळ्यापर्यंत. चार महिन्यांनी तो पाणी प्यायला. तू म्हणतेस ते बावीस पावलांचं अख्खं गलबत मला त्या पाण्याखाली दिसत होतं, डोळ्यांनी नाही, पण दिसत होतं. आणि त्याच्या कडेला बसलेला साईनाथही. आता मला दोघांचीही तेवढी भीती वाटत नाही.

हिरव्या काचेचा कण तुझ्याकडेच ठेव. तू फोनवर कल्पिताला म्हणालीस की दोनशे अकरा थरांतल्या एकाही माणसाचं नाव आपल्याला कळणार नाही. कल्पितानं मला लिहून दाखवलं होतं ते. तर त्या एका थराखाली नाव लिही. सखुबाई परशुराम केणे.

देऊळ रिकामंच आहे, त्यात तुझे गुलाबी दगड मांडू, घरोघरी मागितले तर देतील. लोणच्यांचं काय ते बायका बघतील. पाटी खाडीच्या वाटेवर लावायची आहे. वयाची जागा कोरीच ठेवली, तुझं तू सावकाश ठरव. खाली मी दोन ओळी वाढवून कोरायला दिल्या: "देव ओला ठेवावा. पांघरूण केणे घरातल्या कुणीही घालावे, बाईनेसुद्धा."

सखूनं कल्पिताकडून ते वाचून घेतलं, हात पुसले आणि म्हणाली, "त्यातला 'सुद्धा' काढून टाका." पाथरवटाला उद्या सकाळी बोलावलं आहे.

तुझा,
नाना